नवा नट आणि स्वतंत्र चित्रपट

फलटणहून पालखीच्या वाटेनें पूर्वेस निघालें कीं बरड, नातेपुते, माळशिरस हीं गांवें लागतात आणि माळशिरसपासून थोडें वळलें कीं अकलूज येतें. या अकलूजच्या एका शाळकरी मुलीनें २०१६ सालीं साऱ्या महाराष्ट्राला वेड लावलें. तेव्हांपासून आमच्या भागांतील पालकांच्या मनांत एक प्रश्न घर करून बसला आहे. "गुरुजी, आमच्या मुलाला सिनेमांत घालावें काय ?" सारा जन्म शिक्षकी पेशांत गेलेल्या माणसाला हा प्रश्न विचारावा हें थोडें चमत्कारिकच. परंतु तालुक्याच्या गांवांत मास्तराला सर्व विषयांतलें थोडें थोडें कळतें अशी अजूनहि समजूत आहे, आणि ती मोडण्याचें धैर्य मजपाशीं नाहीं. तेव्हां या प्रश्नाचा जो कांहीं विचार मीं केला, तो आज आपल्यापुढें मांडतों.

प्रथम 'स्वतंत्र चित्रपट' म्हणजे काय तें ठरवूं. ज्या चित्रपटामागें मोठी कंपनी नाहीं, ठरलेला वितरक नाहीं, नांवाजलेला नट नाहीं. ज्याचें भांडवल दिग्दर्शकानें स्वतः, मित्रांकडून, क्वचित् घरदार गहाण टाकून उभें केलेलें असतें. आणि कोणती गोष्ट सांगावयाची व कशी सांगावयाची हें ठरविण्याचा अधिकार ज्यांत सांगणाऱ्याच्याच हातीं असतो, त्याला आपण स्वतंत्र चित्रपट म्हणूं. अशा चित्रपटाला नवा चेहरा लागतो तो प्रथम गरजेपोटीं. नामांकित नट परवडत नाहीं, म्हणून अनोळखी मुलगा घ्यावयाचा. त्यांत उदारपणाचा भाग थोडा. पण हीच गरज पुष्कळदां नव्या माणसाला दार उघडून देते, आणि आपल्याकडे हें अगदीं पहिल्या चित्रपटापासून चालत आलें आहे.

दादासाहेब फाळके यांनीं १९१३ सालीं 'राजा हरिश्चंद्र' पडद्यावर आणला. विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढलेलें, पत्नीचे दागिने गहाण पडलेले, आणि फिल्म धुण्यापासून मंडळींच्या जेवणापर्यंत घरचींच माणसें राबत असलेलीं. याहून स्वतंत्र चित्रपट कोणता असणार ? तारामतीच्या कामाला स्त्री मिळेना. त्या काळीं तें काम पत्करण्यास कोणीच तयार होईना. अखेर मुंबईंत ग्रँट रोडवरील एका खाणावळींत काम करणारा साळुंके नांवाचा नाजूक अंगलटीचा तरुण फाळक्यांनीं हेरला आणि त्याची तारामती केली. रोहिदासाच्या कामीं त्यांनीं आपला मुलगा भालचंद्र याला उभें केलें. पुढें १९१७ च्या 'लंकादहना'त याच साळुंक्यांनीं राम आणि सीता या दोन्ही भूमिका एकट्यानें केल्या. निकडीच्या वेळीं खाणावळींतून उचलून आणलेला माणूस चार वर्षांत दोन प्रमुख पात्रांचा भार वाहूं लागला. या हकीकतींत मला महत्त्वाचें वाटतें तें फाळक्यांनीं साळुंक्यांना दुसऱ्यांदा बोलावलें हें. पहिलें काम योगायोगानें मिळूं शकतें. दुसरें मिळालें, तिसरें मिळालें, म्हणजे मग त्याला धंदा म्हणतां येतें. आजच्या विषयांतील सारी मेख या दुसऱ्या कामांत आहे, असें माझें मत आहे.

फाळक्यांच्या मागोमाग कोल्हापुरास बाबूराव पेंटर यांची महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. तेथें शांताराम वणकुद्रे नांवाचा मुलगा पडेल तें काम करीत धंदा शिकला. १९२५ च्या 'सावकारी पाश' या मूकपटांत तरुण शेतकऱ्याची भूमिका त्यानें केली. या पटाची कथा आपल्या सातारा जिल्ह्यांत कोरेगांवीं राहून लेखन करणारे नारायण हरि आपटे यांची. रंगीत पडदे आणि राजवाडे सोडून कर्जांत बुडणारा कुणबी पडद्यावर दाखविण्याचें धाडस त्या काळीं बाबूरावांनीं केलें. चार वर्षांनीं, १९२९ सालीं, शांतारामबापूंनीं सोबत्यांसह 'प्रभात' काढली. तो इतिहास सर्वांना ठाऊक आहे; मला एवढेंच दाखवावयाचें कीं त्या छोट्या कंपन्या नव्या माणसाला काम देत आणि शिकवीतहि.

आतां आपल्या काळाकडे येऊं. सोलापूर जिल्ह्यांत, पुणें-सोलापूर लोहमार्गावर जेऊर नांवाचें गांव आहे. नागराज मंजुळे हे तेथले. त्यांनीं 'पिस्तुल्या' नांवाचा एक लघुपट केला आणि पहिल्या लघुपटाबद्दलचा राष्ट्रीय पुरस्कार मिळविला. त्यानंतरचा त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट 'फँड्री'. हा २०१३ सालीं महोत्सवांतून दाखविला गेला आणि १४ फेब्रुवारी २०१४ रोजीं चित्रगृहांत आला. गांवकुसाबाहेर राहणाऱ्या एका कैकाडी कुटुंबाची ही गोष्ट. गांवांतलीं डुकरें धरण्याचें काम या कुटुंबाच्या कपाळीं आलेलें, आणि त्या घरचा जब्या हा शाळकरी मुलगा वर्गांतल्या एका मुलीवर मनांतल्या मनांत जीव लावून बसलेला. शाळेच्या भिंतीवर थोरामोठ्यांचीं चित्रें, आणि त्याच भिंतीसमोरून तो मुलगा धरलेलें डुक्कर काठीला बांधून वाहून नेतो, तें दृश्य पाहून माझ्यासारख्या मास्तराची मान खालीं गेली.

जब्याचें काम करणारा सोमनाथ अवघडे हा करमाळा तालुक्यांतलाच. मंजुळे यांना तो हलगी वाजवतांना दिसला. नाटकांत काम केलेलें नाहीं, कॅमेरा ठाऊक नाहीं. त्या वर्षीच्या राष्ट्रीय पुरस्कारांत, म्हणजे एकसष्टाव्या, उत्कृष्ट बालनटाचा मान त्याला मिळाला, आणि दिग्दर्शकाच्या पहिल्या चित्रपटाबद्दलचा इंदिरा गांधी पुरस्कार 'फँड्री'ला.

हें घडतें कसें, तें नीट समजून घेण्याजोगें आहे. मोठ्या कंपनीच्या चित्रपटांत खेड्यांतल्या मुलाला बहुधा गड्याचें, हॉटेलांतल्या पोऱ्याचें, नाहींतर हंशा पिकविणाऱ्या बावळटाचें काम मिळत आलें आहे. त्याची बोली म्हणजे विनोदाची वस्तु. स्वतंत्र चित्रपटाची गोष्टच त्या गांवची असली म्हणजे तीच बोली, तोच उन्हानें रापलेला चेहरा, ढेकळांतून अनवाणी चालण्याची तीच लकब नटाची पुंजी ठरते. शहरांतल्या अभिनयशाळेंत शिकलेल्या मुलाला ती उसनी आणावी लागते, आणि उसनवारी कॅमेऱ्याला चटकन दिसते. रंगभूमीवर मागच्या रांगेंतल्या प्रेक्षकाला कळावें म्हणून नट हावभाव मोठे करतो. पडद्यावर पापणी लवली तरी ती हातभर मोठी दिसते; तेथें हावभाव मोठे करून चालत नाहीं. म्हणून न शिकलेला मुलगाहि, त्याची भीति मोडली आणि त्याला ओळखीच्या परिस्थितींत ठेवलें, तर पडद्यावर खरा वाटतो.

परंतु भीति मोडण्यास वेळ लागतो, आणि हा वेळ देणें हें स्वतंत्र चित्रपटाला जमतें. नांवाजलेल्या नटाच्या तारखा दिवसावर मोजलेल्या असतात. नवख्या मुलाला महिनामहिना जवळ ठेवतां येतें. हे दिग्दर्शक चित्रीकरणापूर्वीं मुलांना एकत्र राहावयास ठेवतात, प्रसंग पुनःपुन्हां करून घेतात, संवाद पाठ करण्याऐवजीं प्रसंग समजावून देऊन मुलांना त्यांच्याच शब्दांत बोलावयास लावतात. शिवाय समोर कसलेला नट उभा करतात. 'फँड्री'मध्यें जब्याच्या बापाचें काम किशोर कदम यांनीं केलें आणि आईचें छाया कदम यांनीं. समोरचा माणूस खरा चिडला, खरा हताश झाला, कीं मुलगाहि आपोआप खरें उत्तर देतो. वर्गांत हुशार मुलाशेजारीं कच्चा मुलगा बसविण्याची आम्हां मास्तरांची जुनी युक्ति आहे, तीच ही.

येथवर झाली भूमिकेची गोष्ट. आतां त्या भूमिकेपासून पुढचा रस्ता कसा फुटतो तें पाहूं. छोट्या चित्रपटापाशीं जाहिरातीला पैसा नसतो. भिंतीभिंतीवर कागद चिकटविणें, वर्तमानपत्रांत पानभर जाहिरात देणें त्याच्या आवांक्याबाहेरचें. त्याची जागा महोत्सव घेतो. मुंबईचा, पुण्याचा, गोव्याचा महोत्सव असो कीं बर्लिन-टोरँटोचा, तेथें जमणाऱ्या लोकांत इतर दिग्दर्शक असतात, निर्माते असतात, आणि कोणत्या भूमिकेला कोण शोभेल हें हुडकून देण्याचाच ज्यांचा व्यवसाय आहे अशीं माणसें असतात. हजार सामान्य प्रेक्षकांपेक्षां अशा दहा जणांनीं पाहिलेलें काम नव्या नटाला अधिक उपयोगी पडतें. मग पुरस्कार. त्याचें पदक कपाटांत राहतें, पण ज्यांनीं चित्रपट पाहिला नाहीं त्यांनाहि नटाचें नांव कळतें, आणि चित्रगृहवाला दार थोडें किलकिलें करतो. सर्वांत शेवटीं चित्रगृह.

या वाटेवर थांबावें फार लागतें, हें पालकांनीं ध्यानांत धरावें. चंद्रपूर जिल्ह्यांतील एका खेड्यांत तेथल्याच न शिकलेल्या नटमंडळींना घेऊन जयंत सोमलकर यांनीं 'स्थळ' हा चित्रपट केला. मुलगी दाखविण्याचा कार्यक्रम हा त्याचा विषय. नंदिनी चिकटे हिनें त्या मुलीचें काम केलें. सप्टेंबर २०२३ मध्यें टोरँटोच्या महोत्सवांत त्याला आशियाई चित्रपटासाठींचा 'नेटपॅक' पुरस्कार मिळाला, आणि महाराष्ट्रांतल्या चित्रगृहांत तो पोंचला मार्च २०२५ मध्यें. मधल्या दीड वर्षांत त्या खेड्यांतील नटानें काय करावें ? शेत करावें, कॉलेज करावें, आणि वाट पाहावी. टोरँटोच्या टाळ्या गांवांत ऐकूं येत नाहींत.

'फँड्री'चें यश तेवढ्यावर थांबलें असतें तर सोमनाथची हकीकत एक गोड आठवण म्हणून उरली असती. पण मंजुळे यांनीं पुढचा चित्रपट काढतांना पुन्हां त्याच मुलुखाकडे पाहिलें. तो 'सैराट'. याला काटेकोर अर्थानें स्वतंत्र म्हणतां येणार नाहीं, कारण झीसारख्या मोठ्या कंपनीचें पाठबळ त्याला होतें. पण हें पाठबळ अनोळखी मुलांच्या चित्रपटाला मिळालें कसें ? 'फँड्री'नें आधीं पत निर्माण केली होती म्हणून. अकलूजची रिंकू राजगुरू आणि कुस्तीचा नाद असलेला आकाश ठोसर यांच्या नांवावर कोणत्याहि सावकारानें चार आणे दिले नसते. आकाशला तर भूमिकेसाठीं तालमींत कमावलेलें अंग उतरवावें लागलें. रिंकूला चित्रपट लागण्यापूर्वींच राष्ट्रीय पुरस्कारांत विशेष उल्लेखाचा मान मिळाला होता. फेब्रुवारी २०१६ मध्यें चित्रपट बर्लिनला दाखविला गेला, २९ एप्रिलला महाराष्ट्रांत लागला, आणि शंभर कोटींच्या पुढें गेलेला पहिला मराठी चित्रपट ठरला. त्या उन्हाळ्यांत लग्नाच्या वरातींपासून यात्रेच्या तंबूपर्यंत दुसरें गाणें ऐकूं येईना. आम्हां म्हाताऱ्यांना त्याचा त्रासहि पुष्कळ झाला.

या गर्दींत एका मुलाकडे फारसें कोणाचें लक्ष गेलें नाहीं, म्हणून मुद्दाम सांगतों. सूरज पवार. 'पिस्तुल्या' लघुपटांतला मुलगा तोच. 'फँड्री'मध्यें जब्याचा मित्र पिऱ्या तोच. आणि 'सैराट'मध्यें आर्चीचा भाऊ प्रिन्स तोच. पोरसवदा गोड मित्रापासून तो थेट कठोर भावापर्यंत आला. लघुपट, छोटा चित्रपट, मोठा चित्रपट अशा तीन पायऱ्यांवर एकाच दिग्दर्शकानें त्याला हाताला धरून चढविलें. पुढें २०२२ च्या 'झुंड' या हिंदी चित्रपटांत मंजुळे यांनीं अमिताभ बच्चन यांच्या बरोबरीनें नागपूरचीं नवखीं पोरें उभीं केलीं, त्यांत रिंकू आणि आकाश यांनाहि पुन्हां बोलावलें. त्यांतल्या अंकुश गेडाम या तरुणाला पदार्पणाचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. विदर्भाकडच्या श्रीनिवास पोकळे या मुलाचेंहि असेंच. 'नाळ' २०१८ चा, त्याचा दुसरा भाग २०२३ चा, आणि दोन्ही वेळां राष्ट्रीय पुरस्कार.

जुन्या नाटक मंडळ्यांची रीत आठवा. गोड गळ्याचा एखादा मुलगा मंडळींत घेतला कीं त्याचें जेवणखाण, गाण्याची तालीम, नाटकांतील पाठ, सारें मंडळीच पाही; आज सखी, उद्यां नायिका अशी त्याची बढती होई. नारायण राजहंस १९०५ सालीं किर्लोस्कर मंडळींत गेले तेव्हां पुढें गंधर्व मंडळी निघेल असें कोणाच्या स्वप्नांतहि नसेल. मंडळ्या गेल्या आणि ही व्यवस्थाहि गेली. स्वतंत्र चित्रपटाचे जे दिग्दर्शक आपलीं माणसें सोडीत नाहींत, तेच आज तिचें काम थोडेंबहुत करीत आहेत.

परदेशांतहि हेंच दिसतें. १९५९ सालीं फ्रान्समध्यें त्रुफो नांवाच्या तरुण दिग्दर्शकानें आपला पहिला मोठा चित्रपट केला. वर्तमानपत्रांत जाहिरात देऊन त्यानें मुलें बोलावलीं, आणि त्यांतून झाँ-पिएर लेओ नांवाचा चौदा वर्षांचा हूड मुलगा निवडला. नंतर वीस वर्षांत तीच व्यक्तिरेखा वाढत्या वयानुसार त्याच्याकडून एकंदर पांच वेळां करून घेतली. लेओ फ्रेंच पडद्यावरचा एक मोठा नट झाला.

आपल्या सत्यजित रायांच्या हातून मात्र दोन्ही गोष्टी झाल्या, आणि त्या शेजारींशेजारीं ठेवून पाहण्यासारख्या आहेत. 'पाथेर पांचाली' हा १९५५ चा. त्यासाठीं रायांनींहि फाळक्यांसारखेंच घरचे दागिने गहाण टाकले होते. त्यांतला छोटा अपू, सुबीर बॅनर्जी, जगभर पोंचला. त्याचे ते मोठे डोळे ज्यांनीं पाहिले ते विसरले नाहींत. पण तो पुन्हां पडद्यावर आला नाहीं. अपू वाढला आणि पुढच्या भागांना दुसरे नट लागले. तिसऱ्या भागांत, १९५९ च्या 'अपूर संसार'मध्यें, रायांनीं सौमित्र चटर्जी हा तरुण घेतला, तो कलकत्ता आकाशवाणीवर निवेदक होता. श्रोतेहो, आपल्या घरचाच म्हणावयाचा ! त्याची पत्नी झालेली शर्मिला टागोर तेव्हां शाळेंत जाणारी मुलगी होती. दोघांचाहि तो पहिलाच चित्रपट. सौमित्रांनीं पुढें एकट्या रायांच्याच चौदा चित्रपटांत कामें केलीं आणि अखेर फाळके पुरस्काराचे मानकरी झाले. मग सुबीरचें काम कमी प्रतीचें होतें काय ? मुळींच नव्हे. लहान मुलाची भूमिका त्याच्या वयाबरोबर संपते. चोवीस वर्षांच्या तरुणाचें वय पुढें पुष्कळ उपयोगी पडतें. बालनट आणि तरुण नट यांच्यांतला हा भेद आपले पालक विसरतात.

याची कडू बाजूहि आहे. मीरा नायर यांच्या १९८८ च्या 'सलाम बॉम्बे' या चित्रपटांत रस्त्यावर राहणाऱ्या मुलांनींच कामें केलीं. प्रमुख भूमिकेंतल्या मुलाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि पुढें बंगळुरास रिक्षा चालवून त्याला पोट भरावें लागलें. रिक्षा चालविणें हें कमीपणाचें नाहीं. पण जगानें डोक्यावर घेतलेल्या मुलाला नंतर कोणी हांक मारूं नये, यांत त्याच्या मनाचें काय होत असेल तें सांगवत नाहीं. त्या चित्रपटाच्या मिळकतींतून रस्त्यावरच्या मुलांसाठीं 'सलाम बालक' ही संस्था निघाली आणि ती चालूं आहे, एवढें त्या मंडळींच्या बाजूनें सांगितलें पाहिजे.

चित्रपटावांचूनहि मार्ग असतो, हें माधव वझे यांच्या उदाहरणावरून दिसतें. अत्र्यांच्या १९५३ च्या 'श्यामची आई'मधला श्याम तो हाच. राष्ट्रपतींचें पहिलें सुवर्णपदक मिळविणाऱ्या चित्रपटाचा नायक. परंतु पुढें ते इंग्रजीचे प्राध्यापक झाले, नाटकें बसविलीं, नाट्यसमीक्षा लिहिली. लहानपणीं लागलेली गोडी वर्गांत आणि रंगमंचावर कामास आली. असा मुलगा माझ्या वर्गांत असता तर मला त्याचा फार अभिमान वाटला असता.

आतां पैशाची आणि पडद्याची अडचण. भाऊराव कऱ्हाडे यांनीं 'ख्वाडा' काढला तो स्वतःची जमीन विकून. शेतकरी जमीन विकतो तेव्हां काय होतें, हें फलटण-माणच्या श्रोत्यांना सांगावयास नको. मेंढ्या घेऊन गांवोगांव हिंडणाऱ्या धनगर कुटुंबाची ती गोष्ट. शशांक शेंडे यांच्यासारख्या मुरलेल्या नटासमोर भाऊसाहेब शिंदे हा नवा तरुण उभा राहिला. राष्ट्रीय पुरस्कारांत परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला, आणि त्यानंतर कोठें ऑक्टोबर २०१५ मध्यें चित्रगृह लाभलें. पण कऱ्हाड्यांनीं भाऊसाहेबांना २०१८ च्या 'बबन'मध्यें पुन्हां नायक केलें, आणि मग २०२३ सालीं 'रौंदळ'मध्यें ते दुसऱ्या दिग्दर्शकाच्या हाताखालीं नायक झाले. दुसऱ्यानें बोलावलें कीं नट आपल्या पायांवर उभा राहिला असें समजावें. त्याच २०२३ सालीं कऱ्हाड्यांचा 'टीडीएम' दोन नवे चेहरे घेऊन आला, तेव्हां मात्र सोयीच्या वेळेचे खेळ मिळेनात म्हणून दिग्दर्शकानें आणि त्या तरुण नटांनीं डोळ्यांत पाणी आणून जाहीर गाऱ्हाणें मांडलें. एकच दिग्दर्शक, सारखीच मेहनत. पण खेळ दुपारीं बाराला लागला तर शेतावरचा आणि कचेरींतला माणूस येणार कसा? नव्या नटाचें नशीब पुष्कळदां अशा वेळापत्रकावर ठरतें. म्हणून शहरांतल्या माझ्या श्रोत्यांना एक सुचवावेंसें वाटतें. असा चित्रपट लागला तर तो पहिल्या तीन दिवसांत पाहावा. चौथ्या दिवशीं तो बहुधा तेथें नसतो.

पालकांच्या प्रश्नाचें उत्तर आतां देतों. आमच्या तालुक्यांत 'नव्या चित्रपटासाठीं मुलें-मुली पाहिजेत' अशा जाहिराती अधूनमधून येतात आणि नांवनोंदणीचे, फोटोंचे, प्रशिक्षणाचे म्हणून पैसे मागितले जातात. माझ्या ओळखीच्या एका गृहस्थांनीं मुलीसाठीं असे पैसे भरले. त्यानंतर तो फोन कधीं लागला नाहीं. वर सांगितलेल्या चित्रपटांत मुलें हुडकण्यास दिग्दर्शकाचीं माणसें स्वतः गांवोगांव हिंडलीं आहेत. ज्याला तुमच्या मुलाचा चेहरा हवा आहे तो तुम्हांला पैसे देईल. तुमच्याकडून मागणार नाहीं.

मूल चौदा वर्षांखालील असेल तर कायदा काय म्हणतो तें ठाऊक असावें. बालमजुरीच्या कायद्यांत २०१६ सालीं सुधारणा झाली आणि २०१७ सालीं तिचे नियम निघाले. मुलाला चित्रपटांत काम करूं देण्यास त्यांत मोकळीक आहे, पण निर्मात्यानें आधीं जिल्हा दंडाधिकाऱ्याची परवानगी घ्यावयाची असते. आमच्याकडे चित्रीकरण असेल तर साताऱ्याहून. दिवसांतून पांच तासांपेक्षां अधिक काम नाहीं, आणि विश्रांतीवांचून सलग तीन तासांपेक्षां अधिक नाहीं. ओळीनें सत्तावीस दिवसांपेक्षां अधिक राबवून घ्यावयाचें नाहीं. पांच मुलांमागें निदान एक जबाबदार माणूस हवा. मुलाच्या मिळकतीपैकीं कमींत कमी वीस टक्के रक्कम राष्ट्रीयीकृत बँकेंत त्याच्या नांवें मुदतठेव म्हणून ठेवावयाची, ती त्याला सज्ञान झाल्यावर मिळते. मुलाच्या मनाविरुद्ध त्याला उभें करतां येत नाहीं. आणि शाळेचा अभ्यास तुटूं नये अशी सोय करणें निर्मात्यावर बंधनकारक आहे. कागदावर सही करण्यापूर्वीं एवढें तरी विचारावें, आणि विचारल्यावर दिग्दर्शकाचा चेहरा कसा होतो तें पाहावें. चांगल्या माणसाला या प्रश्नांचा राग येत नाहीं.

शाळेविषयीं मी हट्टी आहें, हें कबूल. रिंकू राजगुरूला 'सैराट'नंतर गर्दीमुळें शाळेंत जाणें कठीण झालें, तेव्हां तिनें सतरा नंबरचा अर्ज भरून बाहेरून दहावीची परीक्षा दिली. ती २०१७ सालीं ६६.४० टक्के गुण मिळवून उत्तीर्ण झाली. 'सैराट'च्या कन्नड आवृत्तींतहि त्याच वर्षीं ती नायिका होती. २०१९ सालीं बारावीला तिला ८२ टक्के मिळाले, आणि त्याच उन्हाळ्यांत तिचा 'कागर' चित्रगृहांत लागला.